पाठमोरा विलाप

खाणमालक तालायचा वकील नेमका वर्षाच्या जेवणाच्या दिवशी आला, आणि मेंढा घेऊन आला. त्यामुळे त्याला दारातून परत पाठवायची सोयच उरली नाही. मेलेल्याच्या जेवणाला आलेला माणूस वैरी असला तरी त्याच्या हातावर पाणी घालावं लागतं, आणि ते काम घरातल्या सुनेचं. चोल्पोननं चोचीचा तांब्या उचलला, खांद्यावर टॉवेल टाकला आणि तिमूर वकिलाच्या गोऱ्यापान हातांवर कोमट पाणी सोडलं.

"तुम्हीच ना त्या?" हात चोळता चोळता तो हळूच म्हणाला. "बिश्केकला इंटरनेटवरच्या व्हिडिओंची तपासणी करता त्या?"

"मी या घरची सून आहे," चोल्पोन म्हणाली. "टॉवेल घ्या."

"सून चांगली असली तर घर तरतं," तो हसून म्हणाला आणि टॉवेल घेऊन, ओळखीच्या घरात आल्यासारखा, थेट चुलतसासरे कुबातअबांच्या शेजारी जाऊन बसला. अबांनी सरकून जागा दिली. जरा जास्तच लवकर दिली, असं चोल्पोनला वाटलं.

अंगणात नमद्याचा पांढरा तंबू उभा होता. कढयांमध्ये घोड्याचं मांस शिजत होतं, परातीवर परात पिठाचे बोरसोक तळून निघत होते आणि खालच्या वस्तीतली माणसं काठ्या टेकत, दुरूनच हंबरडा फोडत येत होती. चोल्पोनच्या सासऱ्यांना जाऊन वर्ष झालं होतं. आज जेवण उरकलं की बायकांनी काळे रुमाल सोडायचे, पांढरे बांधायचे, आणि आजच्यानंतर या घरात त्यांच्यासाठी कोशोक म्हणायचा नाही. रडायचं तर रडावं, पण गाऊन रडायची मुदत आज संपत होती.

गेल्या हिवाळ्यात तालायच्या कोळशाच्या खाणीचं छत खाली आलं तेव्हा तीन माणसं आत राहिली. त्यातले एक चोल्पोनचे सासरे, जुमाबेक. त्यांची मुलगी बेगायम तंबूत रीतीप्रमाणे भिंतीकडे तोंड करून, दाराकडे पाठ करून बसली आणि बापासाठी कोशोक म्हणाली. शेजारच्या एका मुलीनं दाराच्या फटीतून तो फोनवर टिपला. त्यात बेगायमचा चेहरा नाहीच, नुसती काळ्या कपड्यातली पाठ दिसते आणि आवाज ऐकू येतो:

*बाबा म्हणाले, खांब कुजले, दोनदा म्हणाले, तिसऱ्यांदा म्हणाले,*
*ऐकणाऱ्याचे कान पैशानं बुजले.*
*ज्यानं ऐकलं नाही त्याची चूल विझो,*
*त्याच्या दाराशी कुणाचा घोडा न बांधला जावो.*

तो विलाप देशभर गेला. ज्यांनी ती दरी कधी पाहिली नव्हती अशी माणसं बाजारात, टॅक्सीत ऐकून रडली. सरकारी माणसं आली, खाणीला सील लागलं, तालायवर खटला उभा राहिला. इथवर सगळं ठीक होतं. मग पलीकडच्या दरीतल्या काही झिंगलेल्या टोळभैरवांनी तालायच्या गवताची गंजी पेटवली, आणि शेजारच्या तबेल्यातले घोडे सोडवायला धावलेल्या बाकीर राखणदाराचे दोन्ही हात भाजले. बेगायम तोवर इस्तंबूलला कामावर परतली होती, एका कपड्यांच्या कारखान्यात इस्त्री करत होती. इकडे तिच्यावर लोकांना चिथावल्याचा गुन्हा दाखल झाला. विमानातून उतरली की अटक, हे ठरलेलं होतं. म्हणून बापाच्या चाळिसाव्या दिवसाला ती नव्हती आणि आज वर्षालाही नव्हती.

तिची आई झूरा तो व्हिडिओ रोज पहाटे दूध काढताना लावायची. गाईला आता तो आवाज ऐकल्याशिवाय पान्हा फुटत नाही, असं झूराची जाऊबाई सोनुन म्हणायची. म्हणताना हसायची, पण झूराचा फोन चार्ज करून ठेवायची तीच.

चोल्पोनला मात्र त्या व्हिडिओची भीती वाटायची. तिच्या ऑफिसात रांगेनं बसलेले लोक दिवसभर जगाची घाण बघतात. आवाज बंद ठेवतात, दुप्पट वेगानं पळवतात, खाली यंत्रानं केलेलं मोडकंतोडकं रशियन भाषांतर वाचतात आणि ठरवतात: ठेवा, काढा किंवा वर पाठवा. आवाज लावून काम करणाऱ्याला झोप येत नाही, हे नव्या माणसाला पहिल्याच आठवड्यात कळतं. असाच एक व्हिडिओ तक्रारींचा ढीग घेऊन तिच्यासमोर आला आणि आवाज नसतानाही तिनं तो डावा खांदा ओळखला. नणंदेचा खांदा लहानपणी घोड्यावरून पडल्यापासून जरा खाली झुकलेला आहे. चोल्पोननं हात मागे घेतला आणि वरिष्ठांना लिहिलं की हे माझ्या घरातलं आहे, मी यावर निर्णय देऊ शकत नाही. त्यासाठी सासऱ्यांचं नाव टाइप करावं लागलं. जे नाव लग्नापासून तिनं तोंडातून काढलं नव्हतं, ते लिहिताना तिला कानकोंडं झालं.

व्हिडिओ दुसऱ्या तपासनिसाकडे गेला. तो शहरात वाढलेला, आजीसुद्धा त्याच्याशी रशियनच बोलायची. जेवणाच्या सुट्टीत त्यानं विचारलं, "चूल विझो म्हणजे त्याचं घर जाळा, असंच ना?" चोल्पोनला नियमानं उत्तर देता येत नव्हतं. तो "बघू" म्हणाला. निर्णय अजून व्हायचा होता.

*

"केलिन, चहा घेऊन आत ये," कुबातअबांनी हाक मारली. सुनेला नावानं हाक मारायची त्यांची पद्धत नव्हती.

आतल्या खोलीत वरच्या जागी अबा, त्यांच्या बाजूला सोनुनअपा, खिडकीपाशी झूरा, दाराशी चोल्पोनचा नवरा उलान. चोल्पोन समोवरजवळ बसली. ती सुनेची जागा. तिथून फक्त कप भरायचे असतात.

"तिमूरनं सरळ रस्ता दाखवलाय," अबांनी सुरुवात केली. "झूरानं सही करायची. आमच्या मुलीच्या गाण्यानं लोकांना चिथावणी मिळाली, आम्ही माफी मागतो, ते इंटरनेटवरून काढून टाका. तालाय तक्रार मागे घेईल. पोरगी विमानात बसेल. संपलं."

"एवढं सोपं होतं तर वर्षभर का थांबलो?" उलाननं विचारलं.

"तुझा बाप मेलाय म्हणून सगळे गप्प होते. आता वर्ष झालं. वैर संपवायचा दिवस आहे." अबांनी चोल्पोनकडे मान वळवली. "आणि आपल्या घरातलंच माणूस त्या कंपनीत आहे. पत्र गेलं की केलिननं बटण दाबायचं."

चोल्पोननं कप भरला. थोडा चहा बशीत सांडला.

"मी हातावर हात ठेवून बसलो नव्हतो," अबा पुढे म्हणाले. बोलण्यात अभिमान होता. "नमाजानंतर सगळ्या भावकीला मशिदीच्या अंगणात बसवलं. म्हाताऱ्यांना जमत नव्हतं, त्यांचे फोन नातवंडांनी धरले. एकेकाकडून तक्रारीचं बटण दाबून घेतलं. तरी ते हलेना."

चोल्पोनच्या हातातली किटली तशीच राहिली. तो तक्रारींचा ढीग. तिला वाटलं होतं, तालायच्या माणसांनी केलाय.

"अबा," ती म्हणाली, "बटण दाबल्यावर कारण विचारतात. कुठलं कारण निवडलं?"

"सगळ्यात वरचं. वरचं म्हणजे मोठं असणार."

"सगळ्यात वर 'हिंसेला चिथावणी' असतं."

उलाननं कपाळाला हात लावला.

"म्हणजे?" झूरानं विचारलं.

"म्हणजे बेगायमनं लोकांना चिथावलं अशी तक्रार सगळ्यात जास्त तिच्याच भावकीनं केलीय," चोल्पोन म्हणाली.

सोनुनअपांनी हसू दाबायचा प्रयत्न केला आणि तो फसला. "वा रे वा! तालायनं उगाच वकील लावला. आपलेच लोक फुकटात पुरले असते."

"तू गप्प बस!" अबा ओरडले. "आम्हाला काय माहीत? पोरीचं भलंच करायला गेलो ना?"

"भलं करणाऱ्यांनीच घरं बुडतात," सोनुनअपा म्हणाल्या, पण आवाज खाली आणून.

चोल्पोननं किटली खाली ठेवली. आता बोलायचं तर सगळंच बोलावं लागणार होतं. कामावरची गोष्ट बाहेर सांगायची नाही, असं तिनं लिहून दिलं होतं. वडीलधाऱ्यांपुढे तोंड उघडायचं नाही, हे तिला कुणी लिहून मागितलं नव्हतं, तरी ते त्याहून पक्कं होतं. तिनं उलानकडे पाहिलं. तो जमिनीकडे बघत होता.

"सही करू नका, अपा," ती झूराला म्हणाली.

"केलिन!" अबा म्हणाले.

"बोलू द्या तिला," सोनुनअपा म्हणाल्या. "चहा तर तिनं चांगला केलाय, बघू या दुसरं काय येतं."

"मेंढी चोरल्याची तक्रार मागे घेतली तर प्रकरण मिटतं," चोल्पोन म्हणाली. "चिथावणीचा खटला सरकारचा असतो. तालायनं तक्रार मागे घेतली तरी तो चालूच राहील. आणि मग कोर्टात दोन कागद असतील. एका कागदावर आपली सही, की हो, आमच्या पोरीनं चिथावलं. दुसऱ्यावर कंपनीचा निर्णय, की घरच्यांच्याच विनंतीवरून चिथावणीसाठी काढलं. न्यायाधीशाला आणखी काय लागतं?"

"वकिलापेक्षा तुला कायदा जास्त कळतो?"

"वकील कुणाचा आहे, अबा?"

हे वाक्य तोंडातून गेलं आणि चोल्पोनचे कान गरम झाले. अबांचा चेहरा बीटासारखा लाल झाला. "मी त्याच्याबरोबर भाकर तोडलीय," ते म्हणाले. "शब्द दिलाय. या घरात पांढऱ्या दाढीच्या शब्दाला किंमत उरलीय की नाही? इस्तंबूललाही सांगून झालंय माझं."

झूरानं मान वर केली. "बेगायमला सांगितलंत?"

"आनंदाची बातमी होती. का नाही सांगणार?"

उलान एकदम चोल्पोनवर घसरला. "मग तूच ठेव ना ते! 'ही चिथावणी नाही, आमची रीत आहे' असं लिही आणि मिटव एकदाचं. वर्षभर अपा कशी जगलीय बघितलंस ना? तुझ्या हातात असून..."

"माझ्या हातात नाही. मी घरची आहे. मी ठेवलं तर उद्या तिमूर म्हणेल, नणंदेसाठी भावजयीनं ठेवलं. आणि ते खोटंही नसेल." ती पुरती त्याच्याकडे वळली. "दिवसभर मी दुसऱ्यांच्या पोरींबद्दल ठरवते, उलान. ठेवा, काढा, ठेवा, काढा. आपल्या पोरीबद्दल एक शब्द लिहायची मला परवानगी नाही. मला काय बरं वाटतं?"

नोकरी गेली तर, हे विचारायला उलाननं तोंड उघडलं होतं, ते त्यानं मिटलं.

सोनुनअपा नवऱ्याकडे वळून बसल्या. "एक विचारते. भाकर तोडली तेव्हा आपल्या आझातचंही बोलणं झालं असेल ना? खाण उघडली की त्याचा ट्रक चालू?"

अबांनी दाढीवरून हात फिरवला.

"झालं म्हणायचं. माझी काही हरकत नाही हो, मलाही हवीय ती नोकरी. पोरगा घरात बसून माझं डोकं खातो." त्यांनी बोरसोक मोडला आणि खाल्ला नाही. "पण माझ्या भावाला पुरलं तेव्हा मीही तंबूत बसून चूल विझो म्हणाले होते. डॉक्टरला म्हणाले होते. तो डॉक्टर अजून ठणठणीत आहे, माझ्या गुडघ्यांना औषध देतो. सगळ्याच म्हणतात. दुःखात बाईनं आणखी काय म्हणायचं, तालायला आयुष्य लाभो? मी झूराला सही करू देणार नाही."

"तू कोण करू न देणारी?"

"तुमची बायको. इतकी वर्षं लक्षात आलं नसेल तर आज आलं."

झूरा इतका वेळ ऐकत होती. भांडणातलं तिला काही नको होतं. वर्षभर तिला एकच हवं होतं, आणि ते ती लपवतही नव्हती.

"मला एकच सांग, चोल्पोन," ती म्हणाली. "सही केली तर माझी पोर घरी येईल?"

सगळे समोवरकडे बघायला लागले.

"विमानातून उतरेल, अपा," चोल्पोन म्हणाली. "घरी येईल असं मला वाटत नाही."

झूरानं मान हलवली. बाहेर कुणीतरी नवा पाहुणा आल्याचा हंबरडा उठला, जवळ आला, आणि विरला.

"आणि सही न करता काहीच केलं नाही तर?"

"तर दुसरा तपासनीस ठरवेल. तो चांगला आहे, पण त्यानं आयुष्यात कोशोक ऐकलेला नाही. आवाज बंद करून वाचतो." चोल्पोननं झूराकडे पाहिलं. "आणखी एक वाट आहे. ज्यानं गायलं त्यानं स्वतः मागणी करायची, की हे आमच्या घरातलं दुःख आहे, आम्हाला न विचारता टिपलं, काढून टाका. त्यात माफी नाही, कबुली नाही. कंपनी मग चिथावणी की काय, हे ठरवतच नाही. कोर्टात दिलेली प्रत कोर्टाकडे राहते, कुजक्या खांबांचं तिथं ऐकायला मिळेल. बेगायमच्या गळ्यात नवा फास पडणार नाही. पण तिचा खटला त्यानं संपणारही नाही."

"आणि गाणं?"

"जाईल. सगळीकडून."

"फोनमध्ये उतरवून ठेवू की," उलान म्हणाला.

"ठेवता येईल. पण या घरात फोन कुणाचा एकट्याचा आहे? आज अपांकडे, उद्या आझातकडे, परवा टॅक्सीत. मग आपणच पुन्हा पसरवलं असं होईल."

"नको," झूरा म्हणाली. "स्वतःच्या पोरीचा आवाज चोरून ऐकायचा? मग तो तिचा वाटायचाच नाही." ती गुडघ्यावर हात टेकून उठली. "पाहुणे थांबलेत. आधी त्यांचं बघू या."

*

दुसरी पंगत बसत होती. शेवटी, दाराजवळ, बाकीर राखणदार बसला होता. वर्षाच्या जेवणाला गावात कुणी मागे राहत नाही. चोल्पोन तांब्या घेऊन त्याच्यापुढे वाकली, तर मागून झूरा आली आणि तिनं तांब्या तिच्या हातातून काढून घेतला. घरातल्या विधवेनं पाहुण्याच्या हातावर पाणी घालायचं नसतं. आजूबाजूच्या बायकांनी एकमेकींकडे पाहिलं.

बाकीरनं संकोचून हात पुढे केले. कातडी गुलाबी, चकचकीत, आणि करंगळ्या पुरत्या सरळ होत नव्हत्या.

"दुखतात?" झूरानं विचारलं.

"थंडीत. पूर्वीपेक्षा बरंय."

"आणि माझ्या पोरीचं गाणं लागतं तेव्हा?"

"झूरा, आजच्या दिवशी नको विचारूस."

"आजच विचारायचंय."

बाकीरनं पाण्याखाली हात तसेच धरले. "लग्नात लावतात, बाजारात लावतात. लागलं की मी उठून बाहेर जातो. बेगायमवर राग नाही माझा, तिच्यावर का असेल? बाप गेला, ती रडली. जाळणारे दुसरे होते. पण ऐकू आलं की ती गंजी डोळ्यांपुढे येते आणि घोडे ओरडतात. माझी बायको म्हणते, ती पोर तुझ्याबद्दल बोलत नाहीये, कशाला उठतोस? मला कळतं ते. उठतो तरी."

झूरानं तांब्यातलं पाणी संपेपर्यंत ओतलं. मग खांद्यावरचा टॉवेल काढून तिनं स्वतः त्याचे हात टिपले, एकेक बोट. बाकीर मान खाली घालून बसला होता. चोल्पोनला तिथं उभं राहवेना, आणि जाताही येईना.

तिमूर वकील पलीकडून कागद घेऊन उठला. "झूराअपा, दोन मिनिटं दिलीत तर..."

"जेवा तुम्ही," झूरा म्हणाली. "मांस गार होतंय."

"अबांनी तर शब्द दिला होता."

"मग अबांच्या मुलीचा कागद अबांकडून सही करून घ्या. बेगायम माझी आहे."

तिमूरनं अबांकडे पाहिलं. अबांनी ताटातलं हाड उचललं आणि ते फार लक्ष देऊन खायला लागले. तेही या घरातलेच होते. बायको, भावजय आणि सून एका बाजूला उभ्या राहिल्यावर किती बोलायचं, हे त्यांना समजत होतं.

*

तंबूत बायका भिंतीकडे तोंड करून बसल्या. झूरानं फोन मांडीवर घेतला. "बेगायमला लाव," ती चोल्पोनला म्हणाली. "आवाज मोठा ठेव."

घंटी वाजायच्या आतच उचलला. मागे वाफेच्या इस्त्र्यांचा फुसफुसाट ऐकू येत होता.

"अपा! अबांचा फोन आला होता. सही झाली की मी येऊ शकते म्हणे. मी तिकीट बघून ठेवलंय, अपा. मालकिणीलाही सांगितलं. ती म्हणाली, जा, पण परत ये, तुझ्यासारखी कॉलर कुणी काढत नाही." बेगायम हसली. त्या हसण्यानं तंबूतल्या सगळ्याच बायका खाली बघायला लागल्या.

झूरानं डोळे मिटले. "आधी माझं ऐक. मी सही करणार नाहीये."

"का? काय झालं?"

"ती सही म्हणजे तुला धरायचा सापळा आहे. चोल्पोन तुला नीट सांगेल, तिचं ऐक. पण मला तुझ्याकडून एक हवंय. तो व्हिडिओ तू परत माग. तू गायलीस म्हणून तूच मागायचा. माफी मागायची नाही, चुकलं म्हणायचं नाही. आमचं दुःख आम्हाला परत द्या, एवढंच म्हणायचं."

"पण का काढायचा, अपा? लोक ऐकतात म्हणून तर तालाय कोर्टात गेला. बाबांचं कुणी ऐकलं नव्हतं."

"ते कोर्टाकडे आहे. ते राहील." झूरानं फोन तोंडाजवळ घेतला. "मी आज बाकीरच्या हातावर पाणी घातलं, बेगायम."

पलीकडे नुसत्या इस्त्र्या ऐकू येत होत्या. मग बेगायम हळूच म्हणाली, "ते गेलं तर तू काय ऐकशील?"

चोल्पोननं सासूचा हात धरला. हे तिनं आजवर कधी केलं नव्हतं.

"आज तू गा," झूरा म्हणाली. "बाबांना निरोप द्यायचाय. पोटची पोर असताना दुसरीनं का द्यावा? तिथनं गा, आम्ही इथं ऐकतो. मग मागायचं ते माग."

"इथं? बायका बघतील."

"बघू देत. भिंतीकडे तोंड कर."

बेगायम उठल्याचा आवाज आला. खुर्ची सरकली, कुणीतरी तुर्कीत काहीतरी विचारलं, तिनं उत्तर दिलं, आणि एकेक करून इस्त्र्या बंद होत गेल्या. मग ती गायली. या वेळी त्यात तालाय नव्हता, खांब नव्हते. बाबा, वर्ष झालं, आता जा. तुमचा घोडा सोडलाय, तुमचं खोगीर उतरवलंय. घरात कुणी उपाशी नाही, दारात कुणी परकं नाही, मागे वळून बघू नका. मी आले नाही म्हणून वाट बघू नका. शेवटच्या ओळीला तिचा आवाज फाटला आणि तंबूतल्या बायकांनी तो उचलून धरला. सोनुनअपा सगळ्यात मोठ्यानं रडत होत्या. चोल्पोन दिवसभर आवाज बंद ठेवून जग बघणारी, तिनं आज एकही शब्द चुकू दिला नाही. तिला वाटलं, हे सगळं असंच चालू राहावं, कुणी टिपू नये आणि संपूही नये.

ते संपलं. सोनुनअपांनी झूराच्या डोक्यावरचा काळा रुमाल सोडला आणि पांढरा बांधला. गाठ मारताना त्यांची बोटं चुकली, पुन्हा मारली.

चोल्पोननं काय लिहायचं ते फोनवर समजावलं, आणि थोड्या वेळानं बेगायम म्हणाली, "पाठवलं, अपा. चोल्पोनवहिनीनं सांगितलं तसंच लिहिलं."

"शहाणी माझी पोर."

"आता? मी कधी येऊ?"

झूरानं फोन दोन्ही हातांत धरला. बाहेर पुरुषांनी तळवे चेहऱ्यावरून फिरवले, आमीन म्हणाले, आणि घोडे सोडायची गडबड सुरू झाली. चोल्पोनला सासूच्या ओठांवर तो शब्द दिसला. वर्षभर तोच होता तिथं.

"येऊ नकोस," झूरा म्हणाली.

"काय?"

"येऊ नकोस, माझ्या बाळा. मी सांगेपर्यंत येऊ नकोस. तिकीट परत कर."

"तू सांगशील ना पण?"

"सांगेन."

"अपा?"

झूरानं फोन स्वतःच बंद केला. वर्षभरात कधी तिनं तो आधी ठेवला नव्हता. पण आणखी एक शब्द बोलली असती, तर ये म्हणाली असती.